मधल्या बेटाची मोजणी

वर्तमानपत्रात मथळा होता, 'नकाशात नसलेलं बेट'. खाली फोटो. गोदावरीच्या मधोमध वाळूचा पट्टा, त्यावर पाच-सहा पिवळ्या चोचीचे पक्षी, आणि गावाचं नाव, कोथळवाडी. मी चहाचा कप खाली ठेवला. अहो, कोथळवाडीचा काठ मी मोजलाय! खाली बंधारा झाला, काठाच्या जमिनी पाण्यात गेल्या, तेव्हा नव्यानं मोजणी झाली. तीस-एक वर्षं झाली असतील. मोजणीदार मी, साखळी माझी, नकाशा काढायचं टेबल माझं. आणि हे कालचं पोरगं लिहितंय, नकाशात नाही म्हणून!

"आवो, चहा गार होऊन राहिलाय," मंगल म्हणाली. मंगल माझी बायको. माझ्या रागाची तिला आता भीती नाही, करमणूक आहे. "इतकी आग लागलीय तर जाऊन बघा की. अर्धापूरला आक्काकडं जायचं कवाचं चाललंय. जाता जाता तुमचं बेट पण बघू."

असं आमचं जाणं ठरलं. तुमच्यापैकी कुणी तिकडं गेलं नसेल, जायची सोयही नाही, म्हणून लिहितो. मी निघालो होतो पेपरवाल्याची चूक काढायला, हे आधीच कबूल करतो.

पहिला दिवस, अर्धापूर

रस्त्याचं काही सांगत नाही. लातूर, अहमदपूर, लोहा, नांदेड; खड्डे किती ते माझ्या कंबरेला विचारा.

अर्धापूरला उतरलो की लातूरच्या माणसाचा जीव आधी जळतो. आम्ही रेल्वेनं आलेलं पाणी प्यालेली माणसं. इथं भर चैत्रात केळीच्या बुडाशी पाणी ठिबकत होतं आणि बागेत शिरलं की अंगावर गारवा येत होता. साडू बसप्पा बांधावर उभा होता. "शरणार्थ, साडूभाऊ! या, या." माणूस गोड, बाग त्याहून गोड. पण ताटात काय आलं? कच्च्या केळीची भाजी, ज्वारीची भाकरी, शेंगदाण्याची चटणी, मठ्ठा. भाजी उत्तम होती, नाव ठेवणार नाही. मात्र दिवसभरात एक पिकलं केळं कुणी पुढं केलं नाही. शेवटी मीच विचारलं.

मेहुणी हसायला लागली. "केळं? घरात कोण खातंय ते, भाऊजी!"

आता काय म्हणावं? आमच्या रेणापूरकडं पाहुणा आला की आधी घरच्या शेंगा आणि गुळाचा खडा हातावर पडतो, मग पाणी. इथं चारी बाजूंनी केळीच केळी, आणि सगळा माल हिरवाच ट्रकमध्ये चढतो. मी जरा तडकलो. बसप्पानं बिचाऱ्यानं गावातल्या गाड्यावरून अर्धा डझन केळी विकत आणली. मंगल पदरात तोंड खुपसून हसत होती.

दुसरा दिवस, कोथळवाडी

बसप्पानं आम्हाला सकाळी गाडीनं कोथळवाडीच्या काठावर सोडलं आणि तो आपल्या कामाला उमरीला गेला. दीड-दोन तासांचा रस्ता. शेवटचा तुकडा तर रस्ता म्हणावा असा नाहीच.

काठावरचं चिंचेचं झाड मी ओळखलं. नदी ओळखली नाही. बंधाऱ्याच्या पाण्यानं पात्र फुगलेलं, आणि मधोमध ते बेट. लांबट, पांढरं, एका टोकाला कडुनिंब. आणि बेटावर गुलाबी धूर.

मला वाटलं गवत पेटलं. नीट पाहिलं तर लग्नाआधीचे फोटो काढायला एक जोडपं आलेलं. नवरदेव पांढऱ्या बुटात. नवरीचा झगा दोन हात मागं वाळूत लोळतोय. कॅमेरावाल्याचा माणूस रंगीत धुराचं नळकांडं फिरवतोय. डोक्यावर शंभरेक पक्षी कल्ला करत घिरट्या घालत होते. आणि एक साठीची बाई हातात वल्हं घेऊन ओरडत होती. तिचा आवाज काठापर्यंत स्पष्ट येत होता.

"आगं ये मायबाई, तुज्या झग्याखाली अंडी हायेत!"

"मावशी, दोनच मिनिटं," कॅमेरावाला.

"दोन मिन्टात अंडं उन्हानं शिजतंय, बाबा!"

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. छातीत होता नव्हता तेवढा दम काढून मी काठावरून गरजलो, "सरकारी मोजणी चालू आहे! बेट मोकळं करा!" निवृत्त झालो तरी आवाज अजून खात्यातच आहे. पाच मिनिटांत मंडळी झगा गोळा करून होडीत बसली. जाताना प्लास्टिकच्या बाटल्या मात्र तिथंच टाकल्या. यांच्या लग्नात वऱ्हाडानं असा उकिरडा केला तर चालेल का यांना?

बाईनं होडी आमच्या काठाला लावली. पत्र्याची होडी, तळाशी डांबर फासलेलं. नाव काशाबाई, जातीनं भोई. उन्हाळ्यात पाणी उतरलं की बारा घरं बेटाच्या वाळूत खरबूज-कलिंगडं लावतात, त्यातलं एक तिचं.

"साहेब, तुमी मोजणीचे का?" तिनं माझ्याकडं निरखून पाहिलं. "बरं झालं आलाव. लई दिस वाट पाहून राहिलो तुमची. सोमवारपासून वाळूवाले येणार म्हंतेत. बेट मोजून कागदावर घातलं तर वाचतंय, असं तलाठी म्हनला."

मी 'निवृत्त आहे' म्हणायला हवं होतं. म्हणालो, "बघू." मंगलनं मला कोपरानं ढोसलं.

बेटावर पाय ठेवायच्या आधी चपला काढायच्या. मला वाटलं देवाचं असेल काही. काशाबाई म्हणाली, "देवाचं न्हाई. चपल आंधळी असती. उघड्या पायाला दिसतंय." मग तिच्या मागं, तिच्या पावलात पाऊल टाकत एकामागं एक चालायचं. बारा घरांतलं लेकरूसुद्धा असंच चालतं. तापल्या वाळूत मी बेडकासारखा उड्या मारत होतो आणि या रिवाजाला मनात शिव्या देत होतो. तेवढ्यात तिनं हात आडवा धरला. माझ्या अंगठ्यापासून वीतभर अंतरावर दोन अंडी होती. घरटं नाही, काडी नाही, नुसती वाळूत खळगी. वाळूचाच रंग, वर कॉफी सांडल्यासारखे डाग. चपला असत्या तर चुराच झाला असता.

पुस्तकात या पक्ष्याला नदी सुरय म्हणतात. काशाबाई म्हणते कैची, कारण शेपटी कैचीसारखी दुभंगलेली. डोक्यावर काळी टोपी, चोच पिवळीधमक, पाय तांबडे. ऊन चढलं की आई नदीत पोट बुडवून येते आणि ओल्या पोटानं अंड्यांवर बसते. हे मी डोळ्यांनी पाहिलं. दर थोड्या वेळानं उठायचं, पाण्यावर जायचं, पोट भिजवायचं, परत यायचं. आमच्याकडं टँकरची वाट बघत बसणारी माणसं आठवली.

काठाच्या बाजूची वाळू उन्हाळ्यात उघडी पडली की कुत्री येतात. म्हणून काशाबाई प्रत्येक खळगीभोवती बोराटीचं कडं ठेवते. काटा कुत्र्याला, पाखराला वाट वरून. खरबुजाचे चर खणताना पाण्याकडचा शेवटचा चर बाराही घरं मोकळा सोडतात. त्याला म्हणतात पाखराचा वाटा. ओल्या वाळूत तिनं पाणमांजराची पावलंही दाखवली, पाचही बोटं साफ उमटलेली. शेजारी माशाची खवलं.

कडुनिंबाखाली एक कबर आहे. चुना लावलेली, वर हिरवी चादर, आणि पायथ्याशी फोडलेलं खरबूज. हंगामातलं पहिलं फळ इथं फोडायचं, मगच बाजारात न्यायचं. कबर इस्माईल नावाड्याची. काशाबाईच्या सासऱ्यानं तिला सांगितलेली हकिकत अशी. रझाकारांच्या दिवसांत गावातली बायापोरं इस्माईलनं होडीतून इथं आणून लपवली. ज्वारी, मीठ तोच पोचवायचा. पुढं पोलीस ॲक्शन झाली, वारं फिरलं, आणि दुसरेच लोक इस्माईलचं घर शोधत आले. तेव्हा गावानं त्याला आणि त्याच्या लेकराबाळांना याच बेटावर लपवलं. ज्वारी, मीठ गावानं पोचवलं.

"आधी त्यानं आमाला, मग आमी त्याला," काशाबाई म्हणाली. "तवा हे बेट कुठल्या कागदात नव्हतं तेच बरं व्हतं. आता कागदात न्हाई तर मशीन येऊन राहिली."

"पण बंधाऱ्याच्या वेळी मोजणी झाली होती ना?" मी विचारलं.

"झाली की. एक मोजणीदार आल्ता. माजा मालक होडी घेऊन सांजपत्तोर हुबा व्हता, साहेब बेटावर येतील म्हणून. साहेबानं काठावरूनच पाहिलं न् गेला. होडीत बसला सुदिक न्हाई."

आता ऐका माझं. मी भर उन्हात, त्या कबरीसमोर उभा राहून त्या मोजणीदाराचा उद्धार केला. असल्या लोकांनीच खातं बदनाम केलं म्हणालो. उंटावरून शेळ्या हाकणारी जात म्हणालो. पगार कशाचा घेतात म्हणालो. काशाबाई मान हलवत ऐकत होती. खरं सांगतो, तेव्हा मला काही म्हणजे काही आठवलं नव्हतं.

काठावर परतलो तर चिंचेखाली दोन टिप्पर आणि वाळू उपसायच्या पंपाची बोट येऊन थांबलेली. ठेकेदाराचा माणूस खुर्ची टाकून बसला होता, चाळिशीचा, अदबीनं बोलणारा. मी सरळ अंगावर गेलो.

"बेटावर पक्ष्यांची अंडी आहेत, कबर आहे. कुणी परवानगी दिली?"

"कुठलं बेट, काका?" तो शांतपणे म्हणाला. "परवानगी नदीपात्राची हाय. नकाशात बेट न्हाई."

"दाखव नकाशा! हे गाव मी मोजलंय!"

त्यानं प्लास्टिकच्या पिशवीतून झेरॉक्स काढली. काठ होता, चिंच होती, गट नंबर होते. पुढं नदी, आणि नदीत शब्द एकच, 'पात्र'. बेटाच्या जागी कोरा कागद. खाली मोजणीदाराची सही. मंगलनं ती माझ्या आधी वाचली आणि माझा दंड धरला.

"बघा की काका," तो माणूस म्हणाला, "तुमच्याच खात्याचा कागद हाय."

काशाबाईला अक्षर येत नाही. तिनं विचारलं, "कुणाची सही हाय?"

मला चिंचेखालची ती दुपार आठवली. गावच्या पाटलाकडं आमरस आणि धिरडी. चार वाट्या रस झाल्यावर मी याच सावलीत आडवा झालो. कुणीतरी दोनदा हाक मारली, "साहेब, होडी तयार हाय." मी डोळे न उघडता साखळीवाल्याला म्हणालो होतो, "पात्र लिही. वाळूचं काय मोजायचं? आज हाय उद्या न्हाई." आणि संध्याकाळच्या गाडीनं निघून गेलो होतो.

"वाचता येत न्हाई, पुसट हाय," मी काशाबाईला म्हणालो. सही चांगली ठळक होती. अर्धापूरपर्यंत मंगल माझ्याशी एक शब्द बोलली नाही. ती चिडवत असते तोवर ठीक असतं.

तिसरा दिवस, बेटावर आणि कचेरीत

सकाळी पहिल्या होडीनं बेटावर गेलो. काशाबाई विळीवर खरबूज कापत होती. मी उभ्यानंच सांगितलं, "काशाबाई, तो मोजणीदार मी होतो. सही माझी आहे. काल खोटं बोललो."

तिची विळी थांबली नाही. "ठाव हाय. कागद पाहून तुमचं त्वांड कसं झालतं ते दिसलं की मला."

"मग बोलल्या का नाहीत?"

"तुमी बोलताव का ते पाहून राहिले व्हते." तिनं फोड माझ्या हातावर ठेवली. "माजा मालक घरी येऊन जेवला न्हाई त्या दिशी. साहेब आपल्या होडीत बसायला लाजला म्हनला. मरस्तोर तेच म्हनायचा."

मला जातीचं, होडीचं काही नव्हतं हो. झोप आली होती, एवढंच. पण हे तिला कुठल्या तोंडानं सांगायचं? झोपेपायी केलं म्हणजे अपमान कमी होतो का? मला माझाच इतका संताप आला की फोड गिळवेना.

"उठा," काशाबाई म्हणाली. "आता मोजा."

साखळी नव्हती. तिच्या जाळ्याचा दोर होता, दर वावेला गाठ असलेला. वाव म्हणजे दोन्ही हात पसरल्यावरची लांबी. मंगल एक टोक धरून उभी, काशाबाई दुसरं टोक घेऊन पुढं, आणि मी वही घेऊन तिच्या पावलात पाऊल टाकत मागं. कैच्या डोक्यावर येऊन आमच्यावर शिटत होत्या; माझ्या टक्कलावर दोनदा प्रसाद मिळाला आणि कालपासून पहिल्यांदा मंगल हसली. जिथं अंडी तिथं काशाबाई दोर उचलून वळसा घ्यायची आणि म्हणायची, "लिवा." मी लिहायचो. कैचीची एक्केचाळीस घरं. टिटवीची सहा. पाणमांजराचं बीळ, दक्षिण टोकाला. कडुनिंब. कबर. दुपारपर्यंत बेट चारी बाजूंनी कागदावर उतरलं. नोकरीत अशी चोख मोजणी मी केली नव्हती, आणि ही गोष्ट मिरवण्यासारखी नाही.

तिथून बसप्पाची गाडी पळवत तालुक्याच्या कचेरीत. बाबूनं माझा अर्ज वाचला, नकाशा पाहिला, मग जुना नकाशा काढून शेजारी ठेवला. दोन्हींखाली सही एकच.

"काका, तेव्हा तुम्ही लिहिलं बेट नाही. आता लिहिताय बेट आहे. खोटं कधीचं समजायचं?"

मागं रांग लागलेली. सगळे ऐकत होते.

"तेव्हाचं," मी म्हणालो. "लिहून घ्या. तेव्हा मी जागेवर न जाता सही केली."

"असं लेखी देताव? चौकशी लागली तर?"

"लागू द्या की! तीस वर्षं उशिरानं लागंल, एवढंच."

माझा आवाज चढला होता. बाबूवर नव्हे, पण त्याला ते कसं कळणार? तो अर्ज घेऊन आत गेला. बऱ्याच वेळानं साहेबांचा शेरा आला, मंगळवारी जागेची पाहणी, तोवर उपसा थांबवावा. पाहणीत अर्ज आणि जागा ताडून बघणार. जे अर्जात नाही ते विचारात घेणार नाही. माझ्या हातात शिक्क्याची पोच मिळाली. मला वाटलं, जिंकलो.

चौथा दिवस, पुन्हा कोथळवाडी

लातूरला परतायच्या आधी पोच दाखवायला गेलो. टिप्पर चिंचेखाली होते, पण गप. काशाबाईनं बाराही घरं कडुनिंबाखाली गोळा केली आणि म्हणाली, "वाचून दावा, मोठ्यानं."

मी उभा राहून अर्जाची आणि नकाशाची शिक्क्याची प्रत वाचली. लांबी, रुंदी, काठापासूनचं अंतर. कैचीची घरं एक्केचाळीस. टिटवी, पाणमांजर, कडुनिंब, कबर. वाचताना मलाच बरं वाटत होतं.

"समदं लिवलं," काशाबाई म्हणाली. "पाखरं लिवली, कबर लिवली, पाणमांजर सुदिक लिवलं. आमी कुटं हाव ह्याच्यात?"

मी नकाशा डोळ्यांजवळ धरला. काल ज्या बाईच्या पावलात पाऊल टाकून मी अख्खं बेट फिरलो, जिच्या वेलातून दोर ओढला, तिच्या खरबुजाच्या वाडीवर आणि शेजारच्या अकरा वाड्यांवर माझ्याच अक्षरात लिहिलेलं होतं, 'मोकळी वाळू'. खाली सही. वर शिक्का.

मी म्हणालो, "काशाबाई, चूक झाली. सोमवारी दुसरा अर्ज देतो मी."

"तुमी देऊ नका. आमी येताव, बाराही घरं. सांगताव आमी, तुमी निस्तं लिवा." ती माझ्यासमोर वाळूत मांडी घालून बसली. "काडा वही. पयलं नाव माजं. आन आडनाव इचारा. तीन दिस झाले, इचारलं न्हाई तुमी."

मी खाली बसलो आणि तिला तिचं आडनाव विचारलं.